हातिमचा शुक्रवार

"बाई फार वेळेवर येते. तेच मला खुपतंय," वग्दी म्हणाला.

मुनीर वकिलांनी चहात आणखी साखर घातली. "अरे बाबा, घटस्फोटानंतर बायको पोराला भेटू देत नाही म्हणून लोक माझ्याकडे रडत येतात. तू भेटू देते म्हणून रडतोयस!"

"ती आणते तो मुलगा माझा हातिम वाटत नाही."

"वाटण्यावर कोर्ट चालत नाही. दर शुक्रवारी मुलाला युवा केंद्रात आणून बापाला भेटवायचं, हा हुकूम. ती पाळते. मोडला तर पोराचा ताबा जाईल, हे तिला पक्कं ठाऊक आहे. तुला शंका आहे ना? मग पुरावा आण."

वग्दी कुवेतला कामाला गेला तेव्हा हातिम नुकता चालायला लागला होता. परतला तोवर पोरगं सहा वर्षांचं झालं होतं आणि बायको नजला परकी. मधल्या काळात तिने एक फोटोही पाठवला नव्हता. त्यात भांडणाच्या भरात 'पोराला कुवेतला उचलून नेईन' असं हा बोलून बसला. तेव्हापासून ती समोरच्या बाकावरून याच्या हातांवर नजर ठेवायची आणि हा पोराच्या चेहऱ्यावर. कान कोणाचे, हनुवटी कोणाची, काही केल्या जुळेना.

पुरावा त्याला न्याहारीच्या गाडीपाशी सुचला. वग्दी कुवेतला जायच्या आधी हातिमने एकदा वालासारख्या बाकल्याच्या दाण्यांची बोटभर उसळ चाटली होती. पोर पिवळं पडलं, रक्त चढवावं लागलं. 'याच्या रक्तातच दोष आहे, बाकल्याचा एक दाणाही जन्मभर नको,' असं डॉक्टरांनी बजावलं होतं. हा खरा हातिम असेल, तर सख्खी आई हे विसरून त्याला बाकला खाऊ देणं शक्यच नव्हतं.

शुक्रवारी नमाजानंतर त्याने बाकला भरलेली गरम रोटी पोरापुढे धरली. वेळ आलीच तर हिसकावून घ्यायला दुसरा हात तयार ठेवला. पोराने झडपच घातली.

वग्दीने नजलाकडे पाहिलं. ती बसूनच होती. मग एकदम किंचाळत धावली आणि तिने रोटी मातीत भिरकावली.

"जीव घेतोस का त्याचा? विसरलास? दवाखान्याच्या पायरीवर डोकं आपटत होतास तू!"

वग्दी मटकन खाली बसला. मातीतल्या रोटीकडे बघत पोर मुसमुसत होतं. त्याला छातीशी धरून तोही ढसाढसा रडला. आपल्या संशयाची त्याला लाज वाटली.

"चुकलो, हातिमच्या आई. वकिलाचं तोंड बघणार नाही आता. पोराला कुठे नेणारही नाही. अल्लाची शपथ."

"कोर्टाचा हुकूम आहे तोवर मी आणीन," नजला डोळे पुसत म्हणाली.

घरी पोहोचल्यावर तिने दाराला आतून कडी घातली. मुलाने फणकाऱ्याने बूट भिरकावले.

"मी नाही जाणार आता, मावशी. पुढच्या शुक्रवारी हातिमलाच पाठव. आणि माझी बाकल्याची रोटी दे."