कडू संत्र्यांचं बदक

साखर सोनेरी झाली आणि रेमी किंचाळला, "उतरव, उतरव! जळेल!"

"तू गप रे," सोलान्ज भावाला म्हणाली. पातेल्याचा दांडा तिनं घट्ट धरला होता. मागे ओव्हनमध्ये बदक चरचरत होतं, खिडकीच्या काचांवर वाफ धरली होती, आणि बाहेर टेबलाशी बाबा गळ्यात रुमाल खोचून साडेबारापासून बसले होते. त्यांच्या ताटाशेजारी सुरी होती.

लांब, पातळ पात्याची, शिंगाच्या मुठीची, बाबांच्या बाबांची सुरी. रूआँ शहराच्या बाजारात बाबांनी, म्हणजे ओगुस्तबाबांनी, चाळीस वर्षं बदकं विकली ती हिच्या जोरावर. आता त्यांचे हात थरथरतात. म्हणून गेल्या जानेवारीत त्यांनी जाहीर करून टाकलं, "जो संत्र्याचं बदक नीट करेल, सुरी त्याची." पहिली पाळी रेमीची होती. बाबांनी एक घास खाल्ला, "गोड आहे," एवढंच म्हणाले, आणि सुरी परत खणात गेली. आज पाळी सोलान्जची.

साखर तांबूस झाली, मग तपकिरी.

"अगं, कोळसा होतोय त्याचा!" रेमी तिच्या मागे येरझारा घालत होता. एक हात खिशात, तिथलं नाणं बोटांनी सारखं फिरवत.

"ते नाणं आधी सोड. डोकं उठलंय माझं."

"माझा खिसा, माझं नाणं. तू पातेलं बघ."

बघतच होती ती. गेल्या वर्षी याच घडीला रेमी घाबरला होता, साखर पिवळी असतानाच त्यानं पातेलं उतरवलं होतं. वर बाजारातली गोड संत्री. सोलान्जनं मात्र कडू संत्री आणली होती, खडबडीत सालीची, वर्षाकाठी तीन आठवडे मिळणारी. त्यासाठी तीन दुकानं पालथी घातली होती. आता थांबायचं. अजून थोडं. अजून...

पातेल्यातून धुराची पहिली रेघ उठली. "आता!" ती स्वतःशीच ओरडली आणि व्हिनेगर ओतलं. फस्सकन वाफ उसळली, दोघांच्याही डोळ्यांतून पाणी आलं. मग संत्र्यांचा रस, मग बदकाच्या ट्रेमधला, वरची चरबी काढलेला रस. पातेलं रटरटायला लागलं. सॉस गडद, चकचकीत झाला. तिनं चमचा चाटला आणि जागच्या जागी टुणकन उडी मारली, पंचेचाळिशीची बाई!

"काय झालं? बिघडला?" रेमीनं विचारलं.

"सांगणार नाही. दार उघड."

बदक टेबलावर आलं. कातडी खरपूस, फुगलेली. बाबांनी सुरी उचलली. पातं कातडीवर थरथरलं, दोनदा घसरलं. दोघं दुसरीकडे बघत राहिले. शेवटी छातीची एक पातळ फोड सुटली. बाबांनी तिच्यावर सॉस घेतला, घास तोंडात टाकला, डोळे मिटले. चावत राहिले, चावत राहिले.

"कडू आहे," बाबा म्हणाले.

"मी सांगत होतो हिला!" रेमी म्हणाला, पण त्याचा आवाज पडला होता.

"मग? बदक हे असं चरबीचं, त्याला कडूच हवं. गोड काय, शेंबडी पोरंही करतात." बाबांनी पावाचा तुकडा मोडला आणि ताट पुसून पुसून लख्ख केलं. दुसऱ्यांच्या देखत पावानं ताट पुसलेलं त्यांना कधी खपायचं नाही.

मग त्यांनी सुरी उलटी धरली, मूठ सोलान्जकडे. आणि दुसरा तळवा तिच्यापुढे पसरला.

सुरी अशी फुकट घ्यायची नसते. नाणं न देता घेतली तर माया कापली जाते, हे घरातल्या शेंबड्यालाही ठाऊक. सोलान्जनं एप्रनचा खिसा चाचपला. आत संत्र्याची साल आणि चिकट फडकं.

"बाबा, थांबा हं, एक मिनिट... पर्स गाडीत राहिली! थांबा, खाली ठेवू नका!"

"लवकर कर. हात दुखतोय माझा."

ती दाराकडे धावली, तेवढ्यात रेमीनं तिचा दंड धरला. तिच्या चिकट तळव्यावर त्यानं काहीतरी दाबलं. नाणं. कोमट, बोटांनी घासून घासून कडा गुळगुळीत झालेलं.

"गेल्या वर्षी आणलं होतं," तो टेबलावरच्या पावाकडे बघत म्हणाला, "माझ्यासाठी. तेव्हापासून खिशातच आहे."

सोलान्जनं नाणं बाबांच्या तळव्यावर ठेवलं. बाबांची थरथरती बोटं त्याच्यावर मिटली, आणि सुरी तिच्या हातात आली.

"आता रडत नको बसूस," रेमी खुर्ची ओढत म्हणाला. "काप. तंगडी माझी."