काल तुम्ही हजर होता

"तुमची सुनावणी काल झाली," फाईलमधून मान वर न करता वसुली अधिकारी म्हणाले. "छान बोललात."

झेरॉक्सवालीने हातातली नोटीस पुन्हा वाचली. तारीख आजची होती, वेळ अकराची. भिंतीवरच्या घड्याळात अकराला दहा मिनिटं कमी होती.

"साहेब, मी काल दुकानात होते."

"कामं साचू नयेत म्हणून एक दिवस आधीच उरकली. पण अन्याय होऊ दिला नाही हं. समोरच्याचं ऐकल्याशिवाय आपली पतसंस्था कुणाच्या चमच्यालाही हात लावत नाही." त्यांनी फाईल तिच्याकडे फिरवली.

जामीनदार बाई वेळेवर हजर होत्या, असं तिथे लिहिलं होतं. त्या पाऊण तास बोलल्या. मध्येच रडल्या, तेव्हा त्यांना पाणी देण्यात आलं. शेवटी त्यांनी जामीन राहिल्याचं कबूल केलं. झेरॉक्सचं मशीन उचलायला आज चार वाजता टेम्पो जाणार होता.

कर्ज चुलत दिराचं. तो परागंदा झाला आणि जामीनदार म्हणून हिचं नाव निघालं. हिने कधी कुठे सहीच केली नव्हती. एवढं एक वाक्य सांगायला ती दुकान बंद ठेवून आली होती. मशीन गेलं तर दुकानात एक स्टूल आणि स्टेपलर उरणार, आणि दोन मुलींची शिक्षणं त्या मशीनवर चालली होती.

"पण काल बोललं कोण?"

दाराशी उभा असलेला शिपाई खाकरला. कडक इस्त्रीतला, पन्नाशीचा माणूस. "मी बोललो, ताई. जे येत नाहीत त्यांच्या वतीने त्या खुर्चीत मीच बसतो. अकरा वर्षं झाली. तुमच्यासाठी तर जीव तोडून बोललो. घसा बसलाय बघा."

"रडलासुद्धा," साहेबांनी दुजोरा दिला. "मलाही गलबलून आलं. पण नियम म्हणजे नियम."

"अहो दादा, पण कबूल का केलंत?"

"जेवायची सुट्टी होत आली होती ना," शिपाई ओशाळून म्हणाला.

हसावं की रडावं तिला कळेना. रडून तर कालच झालं होतं. तिने खुर्ची ओढली आणि ठाण मांडून बसली. "साहेब, जामीनपत्रावरची सही माझी नाही."

"असं कसं?" साहेबांनी जामीनपत्र काढलं आणि कालचा कागद शेजारी ठेवला. "ही जामिनाची सही, ही कालची. वेलांटीसकट तंतोतंत! काल तर तुम्ही माझ्या डोळ्यांदेखत केलीत."

झेरॉक्सवाली वाकून बघत राहिली. तिचं निम्मं आयुष्य कागदांत गेलं होतं. मग तिने शांतपणे विचारलं, "काल त्या खुर्चीत कोण होतं म्हणालात?"

साहेबांनी दाराकडे पाहिलं. शिपायाने दोन्ही हात पाठीमागे नेले.

"कर्जाच्या दिवशी दीर एकटाच आला होता, साहेब," तो पुटपुटला. "जामीनदाराची जागा रिकामी होती. तुम्हीच म्हणालात, फाईल अडवू नकोस."

"तोंडी बोललेलं इथे धरत नाहीत." साहेबांनी पेनाचं टोपण काढलं, झेरॉक्सवालीच्या नावावर काट मारली आणि त्यावर शिपायाचं नाव लिहिलं. "चुकीची दुरुस्ती झाली. ताई, तुम्ही सुटलात. टेम्पो चारला याच्या घरी जाईल."

"साहेब, घरात आहे काय? एक फ्रिज, तोही हप्त्यावरचा!"

झेरॉक्सवाली उठली होती. मशीन वाचलं, आता काढता पाय घ्यावा, एवढं तिला कळत होतं. या माणसाने तिला खड्ड्यात घातलं होतं. तरी त्याचा उतरलेला चेहरा बघून तिचा पाय निघेना. तिने खुर्ची त्याच्याकडे सरकवली. "साहेब, त्यांचं म्हणणं तरी ऐकून घ्या."

"ऐकलं की," साहेब फाईल बांधत म्हणाले. "कालच पाऊण तास बोलला. रडला. कबूलही केलं त्याने."