माणसावरचा वार

“ही लढाई आहे, की दोघं मिळून भांडी घासताहेत?” म्हातारे वस्ताद रिकाम्या खुर्च्यांमधून ओरडले आणि रंगमंचावरचा खणखणाट थांबला.

लढाई त्यांच्या मुलीने बसवली होती, महिनाभर राबून. प्रयोग आठ दिवसांवर आला आणि दिग्दर्शकाला खरेपणाचं खूळ लागलं. त्याने तिला न विचारता तिच्याच वडिलांना बोलावून घेतलं. जुन्या पद्धतीची तलवार चाळीस वर्षं शिकवत आलेले वस्ताद लेकीच्या कामाला ‘नाच’ म्हणत आणि तिच्याशी धड बोलतही नसत.

वस्ताद वर चढले. दुसऱ्या नटाची तलवार त्यांनी घेतली. नायकाचं काम करणाऱ्या नटासमोर हात खाली सोडून उभे राहिले. “मार.”

नटाने मुलीकडे पाहिलं. तिने नाइलाजाने ‘हो’ म्हटलं. त्याने रोजच्यासारखा वार केला. तलवार वस्तादांच्या कानापासून वीतभर लांबून निघून गेली.

“मी अडवली नाही, तरी जिवंत कसा?” वस्तादांनी सगळ्यांना विचारलं. “कारण हा गडी माणसावर मारतच नाही. समोरच्याच्या तलवारीवर मारतो. बाईंनी तसंच शिकवलंय!”

कुणीतरी फिसकन हसलं. नट लालबुंद झाला. मुलीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तलवारी बोथट असल्या तरी लोखंडच होतं ते. माणसं डोळे शाबूत ठेवून घरी जावीत, म्हणून ती तसं शिकवत होती. पण हे सांगायला गेलं तर दिग्दर्शक जांभई देणार, हेही तिला पक्कं ठाऊक होतं.

तिने नटाच्या हातातली तलवार काढून घेतली. “घ्या पवित्रा, बाबा. मी माणसावर मारते.”

“आता कशी बोललीस!”

तिने मानेवर वार सोडला. लहानपणी त्यांनीच तो तिच्याकडून घोटून घेतला होता. वार अर्ध्यावर असतानाच तिला दिसलं, वडिलांचा हात उठलाय, पण वेळेत पोचणार नाही. खांदा मध्येच अडकला होता. तिने मनगट फिरवलं आणि मानेवरचा वार त्यांच्या तलवारीवर वळवला. तलवारीवर तलवार अशी आदळली की मागच्या रांगेतला झाडूवालाही दचकला.

“वा! याला म्हणतात खरी लढाई!” दिग्दर्शकाने टाळ्या पिटल्या. “उद्यापासून वस्ताद स्वतः समोर उभे राहून शिकवतील. बाई, तुम्ही आता आराम करा.”

महिनाभराची मेहनत पाण्यात गेली. तिने वडिलांकडे पाहिलं. काय झालं ते त्यांना नेमकं कळलं होतं. तरीही ते म्हणाले, “येतो उद्या. सकाळी.”

नटाने हात पुढे केला. तिने तलवार त्याला दिली आणि ती पायऱ्या उतरू लागली. वस्ताद मागोमाग आले.

“मला दया दाखवतेस? चारचौघांत?” ते दातओठ खात पुटपुटले.

“चारचौघांना कुठे दिसली? तुम्हालाच दिसली.” तिने पिशवी खांद्याला अडकवली. “उद्या समोर तो असेल, बाबा. त्याला मनगट फिरवायला शिकवा आधी.”

वस्तादांनी मागे वळून पाहिलं. नट एकटाच रंगमंचावर उभा राहून हवेत वार करत होता. एकेक वार बरोबर त्यांच्या मानेच्या उंचीवरून जात होता.