मनकर्णाबाईंची पिशवी

दुपारचे तीन वाजले आणि सम्यकनं दप्तराची चेन लावली. तो आवाज ऐकून राजकुमार सरांनी चटकन मान वर केली. मागच्या वर्षी गळती अशीच सुरू झाली होती.

जयंतीच्या आधीचा रविवार होता. विहाराच्या हॉलमध्ये पहाटे पाचपासून अठरा तासांचं सलग वाचन चाललं होतं. सगळे मिळून एकावन्न जण बसले होते, बहुतेक परीक्षांची तयारी करणारी पोरं-पोरी. सर दौलताबादच्या शाळेत मास्तर, आणि वेळापत्रकाशिवाय त्यांच्या घशाखाली घास उतरत नसे. प्रत्येकापुढे त्यांनी छापील तक्ता ठेवला होता. पाच ते सात इतिहास, सात ते नऊ राज्यघटना, असं करत करत रात्री अकरापर्यंत. पण बाहेर एप्रिलचं ऊन, पोटात मसालेभात आणि डोळ्यांपुढे अर्थशास्त्र! पंखासुद्धा पेंगत फिरत होता.

समितीचे अध्यक्ष कचरूदादा आठवडाभर आधीच बजावून गेले होते. "मास्तर, गेल्या साली सहा वाजता अकरा टाळकी उरली व्हती. औंदा मी सहाला येतो. तीस माणसं दिसली नाय, तर पुढल्या साली हा हॉल डीजेच्या पोरांला." नऊ वर्षं सरांनी हे वाचन पोटच्या पोरासारखं जपलं होतं. दादांनी बजावल्यापासून त्यांना धड झोप नव्हती.

"सम्यक, चाललास?"

"पाच मिनिटं सर. दिमाग बंद पडला. जरा हवा खाऊन येतो."

दप्तर घेऊन हवा खायला गेलेला माणूस परत येत नसतो, हे न कळण्याइतके सर भोळे नव्हते. सम्यकच्या मागोमाग आणखी दोघं दारात चपला शोधू लागले.

तेवढ्यात खांबाकडून हसू फुटलं. पदर तोंडात कोंबूनही आवरत नव्हतं.

हसत होत्या मनकर्णाबाई. मूळच्या पाचोडच्या, लेकीकडं चार दिवस राहायला आलेल्या. पहाटे नाव लिहून घेताना सरांनी विचारलं होतं, "मावशी, विषय कोणता?" तर म्हणाल्या, "इषय कशाला? अठरा तास वाचायचं, असं तुम्हीच सांगितलं ना? मंग म्या वाचायला आले." आणि औरंगपुऱ्याच्या रद्दीवाल्याकडून आणलेली पिशवी त्यांनी सतरंजीवर उपडी केली. लोणच्यांचं पुस्तक, खुनाची कादंबरी, सातवीचा भूगोल, मधमाश्यांवरचं काहीतरी. मग पंगतीला बसावं तशा मांडी घालून बसल्या. सरांनी त्यांच्या वयाकडं बघून विषयाच्या रकान्यात नुसती रेघ ओढली होती.

आता मात्र सर तणतणत गेले. "मावशी, इथं पोरं अभ्यास करतायत!"

"करू द्या की. म्या कुठं नाय म्हणते?" मनकर्णाबाईंनी डोळे पुसले आणि मांडीवरच्या गोष्टींच्या पुस्तकावर बोट ठेवलं. "पर ह्या वराडाला काय म्हणावं सांगा! चुकून दुसऱ्याच गावात शिरलं. जेवलं, पान खाल्लं, आन् आता नवरदेव म्हणतो, म्या हितंच लगीन करतो!"

"कुणासंगं?" दारातून सम्यकनं विचारलं.

"तेच तर बघते. गप ऱ्हा जरा."

राज्यसेवेला तिसऱ्यांदा बसणारी विशाखा सरकत सरकत त्यांच्याजवळ आली. "मावशी, मोठ्यानं वाचा ना."

"नाय बाई. मोठ्यानं वाचलं की मपली मजा जाती. पिशवीतलं घे कुठलंबी. हे मात्र मिळायचं नाय."

विशाखानं सरांकडं बघितलं. मग एकेक करत सगळ्या हॉलनं बघितलं. तक्त्यात तीन ते पाच अर्थशास्त्र होतं. दारात तिघं जण चपला घालून उभे होते. सरांनी जन्मात पहिल्यांदा स्वतःच्या हातानं केलेलं वेळापत्रक मोडलं.

"अर्धा तास. ज्याला जे आवडेल ते वाचा. पण फक्त अर्धा तास हं!"

पिशवीवर झुंबड उडाली. पिशवी पुरेना, तेव्हा सरांनी विहाराचं कपाट उघडलं. लोकांनी दान दिलेली आणि कुणी हात न लावलेली पुस्तकं धुळीसकट बाहेर आली. सम्यकनं दप्तर कोपऱ्यात भिरकावलं आणि लोणच्यांचं पुस्तक पटकावलं. दोन पानांतच त्याच्या तोंडाला पाणी सुटलं. विशाखा मधमाश्यांत शिरली ती शिरलीच. कुणी भिंतीला टेकलं, कुणी पालथं पडलं.

अर्धा तास झाला. सर सांगायला उभे राहिले, पण त्यांना तोंड उघडवेना. एवढी नाकं पुस्तकात, आणि मधूनच कुणीतरी खुदकन हसतंय! नऊ वर्षांत या हॉलमध्ये त्यांनी जांभया ऐकल्या होत्या, हसणं ऐकलं नव्हतं. सरांना फार बरं वाटलं. इतकं की आता काय करावं हेच त्यांना सुचेना. सोडवायला प्रश्न नाहीत, दटावायला पोरं नाहीत. पिशवीशेजारी कुणीतरी बदलून ठेवलेली खुनाची कादंबरी पडली होती. जरा चाळून ठेवू, म्हणून त्यांनी ती उभ्या उभ्याच उघडली.

बरोब्बर सहाला कचरूदादा आले. दारातला चपलांचा ढीग बघून थबकले. आत शिरून माणसं मोजू लागले, पण तिशी ओलांडली तसं त्यांनी मोजणं सोडून दिलं. त्यांच्याकडं कुणी मान वर करूनही बघेना.

"जय भीम, मास्तर."

मास्तर खांबाला टेकून खाली बसले होते. चष्मा कपाळावर, पुस्तक नाकाशी.

"अवो मास्तर, जय भीम! सहा वाजले!"

राजकुमार सरांनी मान वर न करताच शेजारची सतरंजी थोपटली.

"जय भीम, दादा. बसा. एवढं पान होऊ द्या."