बयाबाईची बाजू

अंगणवाडीच्या दाराला बाहेरून कडी, आत रडणारी लेकरं आणि मदतनीस बयाबाईचा पत्ताच नाही! लेकीला न्यायला आलेल्या सुप्रियानं व्हिडिओ काढून गावाच्या ग्रुपवर टाकला. थोड्या वेळानं बयाबाई हातात काठी घेऊन, धापा टाकत शेजारच्या उसातून बाहेर आली, तेव्हा सुप्रियानं तिला तोंडच उघडू दिलं नाही.

दुपारीच पंचायतीत बैठक बसली. बयाबाई हात जोडून म्हणाली, "आवो, माजं जरा ऐकून तरी घ्या."

"आता काय ऐकायचं, बयाबाई? सगळ्या गावानं डोळ्यांनी बघितलंय," सरपंच म्हणाले.

तिला कामावरून काढायचं ठरलं, तेव्हा पहिला हात सुप्रियाचाच वर गेला. बयाबाई निघून गेली, पण तिचा चेहरा काही सुप्रियाच्या डोळ्यांपुढून हलेना. संध्याकाळी लेकीला भरवताना ती स्वतःचीच समजूत घातल्यासारखी म्हणाली, "तुमच्या भल्यासाठीच केलं गं, प्रांजल. उद्यापासून नवी मावशी येईल."

प्रांजलनं घास गालात धरूनच विचारलं,



"आई, ती ठिपक्यांची मोठ्ठी मनीमाऊ परत आली, तर आम्हाला कडी लावून तिला हाकलायला नवी मावशी जाईल?"