जहाजाची दुसरी बाजू

सूर्यमाळ गावात पाण्याचा टँकर आला त्या दुपारी सावळा ओट्यावर सागाचं जहाज कोरत बसला होता, तेही उभं चिरल्यासारखं अर्धंच. मुंबईच्या गोदीत त्याने जन्मभर असेच नमुने केले होते. लेक रोशनी हंडे भरून आली. तिची नजर पटाशीवर होती, पण ओठांवर चेष्टाच आली.

"बा, इथं प्यायला पाणी नाय आणि जहाज कसलं? तेही अर्धं!"

"दुसरी बाजू हुबेहूब अशीच असते, बाय. जरा उणंअधिक झालं की जहाज कलतं."

सपाट बाजू घरात जमिनीवर टेकवलेल्या आरशाला चिकटवून त्याने तिला अख्खं जहाज दाखवलं आणि ते तसंच तिथे ठेवलं. पुढचं टोक तेवढं तासायचं राहिलं होतं.

दुसऱ्या सकाळी तो उठलाच नाही.

दहावा झाला, आणि रोशनीला दिसलं. लाकडाचं टोक तसंच ओबडधोबड होतं. आरशातलं मात्र गुळगुळीत तासलेलं. आरशातल्या जमिनीवर ताज्या ढलप्या पडल्या होत्या. तिच्या पायाखालची जमीन स्वच्छ होती.

ते पाहून शेजारचा गोरखकाका दारातूनच ओरडला, "फोड तो आरसा! लाकूड चुलीत घाल!"

"कुणी हात लावायचा नाय, काका."

आरशातून पटाशीचा आवाज येत होता. तासलेल्या टोकावर अक्षरं उमटली. आरशात ती उलटी दिसायला हवी होती. पण सरळ वाचता येत होती. रोशनी.

आवाज थांबला.

तिने बापाची पटाशी उचलली.

"बा, मलाही हे शिकायचं होतं," ती मोठ्याने म्हणाली. "थांब. ही बाजू मी करते."