पाण्याच्या बाजूनं

देवाजी मास्तर तलावाचं पाणी अडवणाऱ्या मातीच्या पाळीवरून चालत होते. नजर खाली उतारावर, धानाच्या बाजूला. मागून त्यांची मुलगी रंभा येत होती, हातात धानाच्या तणसाची पेंडी, काखेत पुस्तक. मालगुजारी, म्हणजे जुनी जमीनदारी, गेल्यापासून पाळीची राखण गावाने घराघरांत वाटून घेतली होती. आज मास्तरांच्या घराची होती. पोळा उलटला होता आणि तलाव काठोकाठ भरला होता.

एका ठिकाणी उतार ओला दिसला. खेकड्याचं बीळ. बोटाएवढी धार खालच्या धानाच्या बांधीत उतरत होती. रंभाने तणस तिथेच कोंबलं आणि टाचेने दाबलं. धार थांबली.

"नागपूरले शिकली अन् बाहेरून बुजवते," मास्तर हसले. "पाणी थांबलं नाई, पोरी. फक्त दिसाचं बंद झालं. आता आतल्या आत माती खात बसते ते."

ते तलावाच्या बाजूला उतरले आणि गुडघाभर पाण्यात शिरले. काठाशी लहानसा भोवरा फिरत होता. त्यावर त्यांनी तळवा ठेवला.

"तोंड इथी आहे. चिखल दे."

तिने चिखल दिला. आता ते सिद्धांतावर येणार, हे तिला ठाऊक होतं. मास्तर तालुक्याच्या शाळेत विज्ञान शिकवत. गेल्या साली राखण त्यांची होती आणि ते वाचत बसले होते, म्हणून त्यांच्याऐवजी आई राखणीला गेली. पाळीवरच्या गवतात तिला साप चावला आणि ती दगावली. तेव्हापासून मास्तर काळाबद्दल बोलत. शाळेत, बाजारात, जो ऐकेल त्याच्यापाशी.

"झालं ते सारं तलावात," ते म्हणाले. "होणार ते बांधीत. मधात पाळ. आता समज, मी मांगं गेलो अन् तुह्या आईले दारातच अडवलं. ती वाचली. मंग मले दुःख नाई. दुःख नाई, त मी मांगं जाणार काऊन? अन् मी गेलोच नाई, त तिले अडवलं कोणं?"

"म्हणजे अडकलं."

"अडकत नाई. फिरते. या भोवऱ्यासारखं. अन् फिरता फिरता मधातली माती नेते. पहिले बारीकसारीक जाते. कोणाचं नाव, कोण्या झाडाची जागा. लोक म्हणतात, विसरलो. विसरले नसतात, ते तिथून वाहून गेलं असते. पाळ एकदम फुटत नाई, रंभा. आधी आतून भिजते. मंग एक दिवस झालेलं कोणतं अन् होणार कोणतं, काही समजत नाई. सारा चिखल."

"मंग जाचंच नाई."

"जाता येते." त्यांनी चिखल हळूहळू दाबला. "एकानं मांगं जाचं, दुसऱ्यानं भोकावर हात धरून बसाचं. पाण्याच्या बाजूनं. हात निघाला का गेलं सारं. गणित जमते. माणूस भेटत नाई." त्यांनी मान वर केली. "तू बसशील का?"

त्यांचा तळवा अजून पाण्याखालीच होता.

रंभाने पुस्तक या काखेतून त्या काखेत घेतलं. "अन् मांगं जाची गाडी कुठून सुटते, बाबा? नागभीडवरून?"

मास्तर मोठ्याने हसले. घर येईपर्यंत त्यांना मधूनच हसू फुटत होतं.

दुसऱ्या दिवशी वर्गात, फळ्यावर आकृती काढता काढता ते खुर्चीवर बसले आणि उठले नाहीत.

सुतक फिटायच्या आत रंभा पाळीवर आली. शेजारचा मुखरू खांद्यावर फावडं घेऊन आधीच तिथे होता.

"बाई, सुतकाच्या घराले राखण नसते. तुमची मी घेतली."

"राखणीले नाई आली. अशीच आली."

मुखरू सोबत चालू लागला. "गुरुजी मलेबी विचारत. मुखरू, बसशील का भोकावर? मी म्हणो, मले निंदण पडलं आहे, गुरुजी." तो हसायला गेला आणि थांबला. "हो म्हटलं असतं त माझं काय जात होतं!"

जुन्या जागेच्या थोडं पुढे उतार ओला होता. या वेळी धार मनगटाएवढी होती. रंभाची टाच आपोआप उचलली गेली. तिने ती खाली ठेवली, पाळ ओलांडली आणि साडीसकट पाण्यात उतरली. भोवरा सापडायला वेळ लागला नाही. ती पाण्यातच बसली आणि त्यावर तळवा ठेवला. लहान मुलाने बोट धरून ओढावं तसा पाण्याने हात आत ओढला.

"काढू नोका, बाई!" मुखरू वरून ओरडला. "मोठं आहे. तसंच धरून ठेवा."

तो चिखल आणायला पळाला. पाण्यावर आता भोवरा नव्हता. तळव्याखाली मात्र तो फिरत होता, आणि त्याच्यासोबत पाळीची माती कणाकणाने तिच्या बोटांना घासून जात होती. तिने दुसरा हातही त्यावर ठेवला. घासणं थांबलं.

मुखरू टोपलं घेऊन पाण्यात उतरला. "काढा आता. मी लावतो."

तिने हात काढले नाहीत.

"थांब जरा, मुखरूभाऊ."

मुखरू टोपलं छातीशी धरून उभा राहिला. रंभा समोर पाण्याकडे बघत होती. मग पलीकडच्या काठावरच्या माणसाला हाक द्यावी तशी ती मोठ्याने म्हणाली,

"बसली मी, बाबा. तुम्ही जा."